सिसिलीचा फेरीबोत्ते, जो सिसिलीचा नव्हताच

बुटकी अंगकाठी, सावळा चेहरा, बारीक मिशी, आवळलेल्या भुवया आणि घरात तरण्याताठ्या बहिणीला कडीकुलपात ठेवायची सवय. ‘फेरीबोत्ते’ म्हटलं की जुन्या इटालियन प्रेक्षकाच्या डोळ्यांपुढे हा माणूस उभा राहतो. अब्रूपायी जीव घ्यायला निघालेला, संशयी, हेकट सिसिलियन. १९५८ साली आलेल्या मारिओ मोनिचेल्लीच्या ‘ई सोलिती इन्योती’ या विनोदी चित्रपटातलं हे पात्र. ते करणारा नट तिबेरिओ मुर्जा पुढे शंभरावर चित्रपटांत दिसला आणि त्यातल्या बहुतेकांत तो असाच कोणीतरी सिसिलियन होता.

आता गंमत ऐका. मुर्जा सिसिलीचा नव्हता. तो सार्डिनियाचा, ओरिस्तानो गावचा. नकाशात ही दोन बेटं जवळ वाटतात, पण बोली वेगळी आणि स्वभावाबद्दलच्या समजुतीही वेगळ्या. पडद्यावर ऐकू येतो तो त्याचा आवाजही नव्हे. संवाद दुसऱ्या नटाने म्हटलेले आहेत. आणि त्या चित्रपटापर्यंत तो नटही नव्हता. रोममध्ये चित्रपटवाल्यांची ऊठबस असलेल्या एका रेस्टॉरंटमध्ये तो भांडी घासत होता.

म्हणजे चेहरा एका बेटाचा, आवाज दुसऱ्याचा आणि स्वभाव पटकथाकारांनी लिहून दिलेला. एखाद्या चंद्रपूरच्या माणसाला दुसऱ्या कुणाचा तरी रत्नागिरीकडचा हेल चिकटवावा आणि लोकांनी त्याला जन्मभर ‘बेरकी कोकणी’ म्हणून ओळखावं, तसा हा प्रकार. मुर्जाच्या नशिबाने अपघाताने घडलेली ही गोष्ट नाही. त्या काळचा इटालियन सिनेमा चालायचाच असा. तो कसा चालायचा हे कळलं की इटलीच्या जुन्या विनोदी चित्रपटांत निम्म्या लोकांना प्रेक्षक तोंड उघडल्या उघडल्या का हसतात, तेही कळतं.

सुरुवात भाषेपासून करावी लागेल. इटली एक देश झाला १८६१ मध्ये. त्या वेळी इटालियन म्हणजे मुख्यतः पुस्तकांची भाषा, तस्कानी भागातल्या बोलीवर उभी राहिलेली. ती बोलू शकणारे लोक किती होते याचे अभ्यासकांचे अंदाज अडीच टक्क्यांपासून दहा टक्क्यांपर्यंत जातात. बाकीचे नेपोळी (म्हणजे नेपल्सची बोली), सिसिलियन, व्हेनेशियन, पिएमोंती असं आपापलं बोलत, आणि यातल्या कित्येक बोली एकमेकांना धड कळतही नसत. पहिल्या महायुद्धाच्या खंदकांत या सगळ्यांना एकत्र राहावं लागलं. दुसऱ्या महायुद्धानंतर कामासाठी दक्षिणेतून उत्तरेकडे लोंढे निघाले. १९५५ ते १९७१ या काळात सुमारे नव्वद लाख लोकांनी आपला प्रांत सोडून दुसऱ्या प्रांतात बिऱ्हाड केलं. १९५४ च्या जानेवारीत सरकारी टीव्ही सुरू झाला आणि प्रमाण इटालियन घराघरांत पोचू लागली. ‘ई सोलिती इन्योती’ आला तो नेमका या घुसळणीत. रोमच्या त्याच चाळींत, त्याच ट्रॅममध्ये आता शेजारी बोलोन्याचा म्हातारा आणि पलीकडे सिसिलीचं कुटुंब होतं. माणूस कुठला हे त्याच्या बोलण्यावरून ओळखणं हा तेव्हा रोजचाच उद्योग.

रंगभूमीला तर हा उद्योग कितीतरी जुना. सोळाव्या शतकापासून गावोगाव फिरणाऱ्या कोम्मेदिया देल्लार्ते मंडळ्यांमध्ये पात्रं ठरलेली असत आणि प्रत्येकाचा गावही ठरलेला. कंजूष व्यापारी पांतालोने व्हेनिसचा, पुस्तकी पांडित्य झाडणारा डॉक्टर बोलोन्याचा, नोकर आर्लेक्कीनो बेर्गामोचा, पुल्चिनेल्ला नेपल्सचा. प्रेक्षकाला पात्राची ओळख करून द्यायला वेळ घालवायचा नाही. मुखवटा आणि बोली दिसली-ऐकली की काम झालं. सिनेमाने मुखवटा काढला, बाकी हिशेब तसाच ठेवला. अशा ठरीव पात्रांत रमणाऱ्या नटाला इटलीत ‘कारात्तेरिस्ता’ म्हणतात. नायक तो नसतो. दोन-चार प्रवेशांत येतो, पण चित्रपट संपल्यावर लोक त्याचीच नक्कल करतात.

आता आवाजाचा मामला. इथे बाहेरच्या माणसाला सगळ्यात जास्त धक्का बसतो.

मुसोलिनीच्या राजवटीला परदेशी भाषा पडद्यावर नको होत्या. १९३० च्या दशकात परदेशी चित्रपट इटालियनमध्येच, आणि तेही इटलीतच डब झाले पाहिजेत असे नियम आले. त्यातून रोममध्ये डबिंगचा मोठा, कसबी धंदा उभा राहिला. युद्धानंतर राजवट गेली, धंदा राहिला. मग इटालियन निर्मात्यांनी आपले स्वतःचे चित्रपटही त्याच पद्धतीने करायला घेतले. चित्रीकरणाच्या वेळी आवाज नोंदवायचा तो केवळ खुणेपुरता. खरे संवाद नंतर स्टुडिओत. त्यामुळे सेटवर गोंगाट चालतो, रस्त्यावर चित्रीकरण करता येतं, कॅमेऱ्याच्या घरघरीची फिकीर नाही. दिग्दर्शक फेलिनी तर काही नटांना संवादाऐवजी चक्क आकडे मोजायला लावायचा. ओठ हलले म्हणजे झालं, शब्द मागाहून घालू.

स्टुडिओतलं काम असं चाले. चित्रपटाचा एक छोटा तुकडा कापून त्याची टोकं जोडायची, की त्याचा एक वेटोळा होई. त्याला ‘आनेल्लो’ म्हणत, म्हणजे कडं. काळोख्या खोलीत ते कडं पडद्यावर पुन्हा पुन्हा फिरत राही. समोर उंच स्टँडवर संवादाचा कागद, शेजारी माइक. आवाज देणारा नट एक डोळा पडद्यावरच्या ओठांवर आणि एक कागदावर ठेवून तेच वाक्य म्हणत राही. ओठ मिटायच्या जागी ‘प’ किंवा ‘म’ आला पाहिजे, श्वास जुळला पाहिजे. जमलं की पुढचं कडं.

एकदा चेहरा आणि आवाज असे सुटे झाले की दिग्दर्शकाला मोठीच मोकळीक मिळते. चेहरा रस्त्यावरून उचलायचा, बोलणं मुरलेल्या नटाकडून घ्यायचं. मोनिचेल्लीने तेच केलं. रेस्टॉरंटमधल्या या भांडी घासणाऱ्याच्या चेहऱ्यात त्याला हवा तो सिसिलियन दिसला. आता त्या माणसाने तोंड उघडलं की सार्डिनिया बाहेर पडणार, याची चिंता करायचं कारणच नव्हतं.

शिवाय मुर्जा एकटाच असा नव्हता. त्या चित्रपटातली टोळी जरा जवळून बघा. रोमच्या भुरट्या चोरांची ही टोळी एका सावकारी पेढीच्या तिजोरीवर डल्ला मारायला निघते. त्यात कापान्नेल्ले नावाचा, सदानकदा काहीतरी खात असलेला बोलोन्याचा म्हातारा आहे. ते काम करणारा कार्लो पिसाकाने पक्का नेपल्सचा, १८८९ चा जन्म. बोलोन्याचा हेल दुसऱ्याने पुरवला. फेरीबोत्तेची बहीण कार्मेलिना म्हणजे क्लॉडिया कार्डिनाले. ती तेव्हा विशीतली आणि सिनेमात अगदी नवखी. तिचा जन्म ट्युनिसचा. घराणं मूळचं सिसिलीकडचं, पण शिक्षण फ्रेंचमध्ये, इटालियन धड येत नव्हतं. १९५७ मध्ये ‘ट्युनिसियातली सर्वांत सुंदर इटालियन मुलगी’ म्हणून बक्षीस मिळालं, व्हेनिसच्या महोत्सवाची सहल मिळाली आणि तिथून ती पडद्यावर आली. तिलाही दुसरीचा आवाज. तिचा स्वतःचा घोगरा आवाज इटालियन प्रेक्षकाने नीट ऐकला तो १९६३ च्या फेलिनीच्या ‘ओत्तो ए मेद्झो’मध्ये. म्हणजे ज्या सिसिलियन बहीणभावावर अख्खी इटली हसली, त्यातला भाऊ सार्डिनियाचा आणि बहीण आफ्रिकेच्या किनाऱ्यावरची.

नायकाचीही तीच गत. व्हित्तोरिओ गासमान जन्माने जिनोव्हाचा आणि रंगभूमीवर शोकांतिका गाजवणारा. त्याला विनोदी भूमिका द्यायला निर्माते राजी नव्हते. मोनिचेल्लीने त्याचं नाक बदललं, कपाळ केसांनी झाकलं, त्याला तोतरं केलं आणि रोमचा टपोरी बॉक्सर बनवून टाकलं. तिजोरी फोडायचे धडे देणारा विनोदी नट तोतो तेवढा अस्सल नेपल्सचा होता आणि नेपल्सचाच वाटतो. त्याला दुसरं काही करायची गरजच नव्हती.

चोरीचं पुढे काय होतं? रात्रभर खपून ही मंडळी भिंत फोडतात ती भलतीच निघते. तिजोरीच्या खोलीऐवजी ते उभे असतात त्याच फ्लॅटचं स्वयंपाकघर. चूल दिसते, पातेल्यात पास्ता आणि हरभरे दिसतात. चोर बसून जेवून घेतात. चित्रपटाला त्या वर्षीच्या परदेशी चित्रपटांच्या ऑस्करचं नामांकन मिळालं, पुढे अमेरिकेत त्याच्या नकलाही निघाल्या. पण इटालियन लोकांच्या लक्षात राहिलेत ते पास्ता-हरभरे.

मुर्जा तिथवर पोचला तो रस्ताही सांगण्यासारखा आहे. १९२९ चा जन्म, घरची गरिबी, मिळेल ती मोलमजुरी. तरुणपणी तो कम्युनिस्ट पक्षाच्या युवक संघटनेत शिरला आणि रोमजवळच्या फ्रात्तोक्ये इथल्या पक्षाच्या शाळेतही जाऊन आला. मग बेल्जियमच्या कोळसा खाणीत. १९४६ मध्ये इटली आणि बेल्जियम यांच्यात करार झाला होता: इटलीने माणसं पाठवायची, बदल्यात कोळसा घ्यायचा. त्या कराराच्या वाटेने लाखभर इटालियन मजूर जमिनीखाली उतरले. ८ ऑगस्ट १९५६ रोजी मार्सिनेल इथल्या खाणीत आग लागली. २६२ माणसं गेली, त्यांतली १३६ इटालियन. मुर्जा तिथेच कामाला होता, त्या दिवशी पाळीवर गेला नव्हता. का गेला नव्हता, हे तो पुढे मोठ्या रसाने सांगायचा आणि त्या कहाणीत एक बाई असायची. फेरीबोत्तेच्या दृष्टीने बघितलं तर हा मनुष्य घराजवळ फिरकू देण्याच्याही लायकीचा नव्हता!

आता तो संशयी भाऊ. सिसिलियन माणूस म्हणजे अब्रूवरून चाकू काढणारा, हे समीकरण कुठून आलं? मला या सगळ्या प्रकरणातला हा भाग सगळ्यात महत्त्वाचा वाटतो, कारण इथे विनोदाखाली चक्क कायद्याचं कलम सापडतं.

इटलीच्या १९३० च्या दंडसंहितेत कलम ५८७ होतं. बायको, मुलगी किंवा बहीण परपुरुषाशी संबंध ठेवताना सापडली आणि अब्रूला धक्का बसल्याच्या संतापात पुरुषाने खून केला, तर शिक्षा तीन ते सात वर्षं. साध्या खुनाला कमीत कमी एकवीस वर्षं. शेजारीच कलम ५४४: बलात्कार करणाऱ्याने त्या मुलीशी लग्न केलं की गुन्हा माफ. १९६५ च्या डिसेंबरात सिसिलीतल्या आल्कामो गावच्या फ्रांका व्हिओला या मुलीला पळवून नेऊन तिच्यावर बलात्कार झाला. तिने असं लग्न करायला ठाम नकार दिला, खटला उभा राहिला आणि देशभर गाजला. तरीही ही दोन्ही कलमं रद्द व्हायला १९८१ साल उजाडलं.

हे कायदे सिसिलीपुरते नव्हते. मिलान असो की तोरिनो, कलम ५८७ सगळ्यांना सारखंच लागू होतं आणि ते लिहिलं गेलं रोममध्ये. पण पडद्यावर तो कलंक एकट्या दक्षिणेच्या माथी मारला गेला. उत्तरेतला प्रेक्षक फेरीबोत्तेला हसला आणि मागासलेपण तिकडे, समुद्रापलीकडे आहे असं समजून घरी गेला. फेरीबोत्ते हे नावसुद्धा मेसिनाच्या सामुद्रधुनीतून ये-जा करणाऱ्या फेरीबोटीवरून पडलेलं, म्हणजे ‘तिकडून आलेला’ हे नावातच. मला मोनिचेल्लीला सरसकट दोषी धरायचं नाही. त्याची टोळी सगळीच मूर्ख आहे, रोमन तर जास्तच. पण नंतरच्या दुय्यम दर्जाच्या शेकडो विनोदी चित्रपटांनी त्यातली माया काढून टाकली आणि मिशी तेवढी ठेवली.

मुर्जाचं करिअर गेलं त्या मिशीवर. पुढच्याच वर्षी, १९५९ मध्ये, मोनिचेल्लीने त्याला ‘ला ग्रांदे ग्वेर्रा’मध्ये घेतलं. पहिल्या महायुद्धातल्या इटालियन सैनिकांवरचा हा चित्रपट. व्हेनिस महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, गोल्डन लायन, त्याला विभागून मिळाला. गासमान त्यात मिलानचा, आल्बेर्तो सोर्दी रोमचा आणि मुर्जा अर्थातच सिसिलियन शिपाई. एकाच खंदकात सगळ्या बोली कोंबल्यावर काय होतं, हे बघायला याहून चांगला चित्रपट मला ठाऊक नाही.

त्यानंतर चित्रपट येत गेले, पात्रांची नावं बदलत गेली. दर वेळी तोच हेकट भाऊ, तोच संशयी नवरा. निर्मात्याच्या बाजूने बघा: मुर्जा चौकटीत आला की पात्र समजावून सांगायला संवाद लागत नाही, वेळ वाचतो, फिल्म वाचते. नटाच्या बाजूने बघा: काम कधी आटत नाही, पण दुसरं काम कधी मिळतही नाही. आणि हातात स्वतःचा आवाजही नसेल तर ‘मला वेगळं काही करता येतं’ हे दाखवायचं तरी कशाने? मुर्जा नट म्हणून किती मोठा होता यावर लोक वाद घालतात. माझं मत विचाराल तर त्याचं सगळं कसब डोळ्यांत आणि मानेत होतं. भोवती सगळे हसवायचा प्रयत्न करत असताना हा माणूस जीवनमरणाचा प्रश्न असल्यासारखा गंभीर राहतो. बहिणीच्या अब्रूचा विषय निघाला की मान ताठ होते, नजर एका जागी खिळते. त्याला आपण विनोदी आहोत हे माहीतच नाही, असं वाटत राहतं. हे डबिंगवाल्याला देता येत नाही.

सारो उर्झीशी ताडून बघितलं तर फरक चटकन दिसतो. उर्झी सिसिलीतल्या कातानियाचा, जन्माने आणि बोलीनेही. वर्षानुवर्षं तोही दुय्यम भूमिकांतच होता. १९६४ मध्ये पिएत्रो जेर्मीने ‘सेदोत्ता ए आब्बान्दोनाता’मध्ये त्याला अब्रूने पछाडलेल्या बापाची मध्यवर्ती भूमिका दिली. विषय तोच, कलम ५४४ चा. पण इथे हसू येता येता घशात अडकतं, कारण तो बाप क्रूर आहे, केविलवाणा आहे आणि आतून पार मोडलेलाही आहे. कान महोत्सवात उर्झीला सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं पारितोषिक विभागून मिळालं. हॉलिवूडच्या ‘द गॉडफादर’मध्ये मायकेल ज्याच्याकडे मुलीला भेटायची परवानगी मागतो, तो अपोलोनियाचा बाप म्हणजे हाच उर्झी. कारात्तेरिस्ताला एखादा लेखक-दिग्दर्शक पूर्ण माणूस लिहून देतो तेव्हा काय होतं, ते इथे कळतं. मुर्जाला तो दिवस दिसला नाही.

फेरीबोत्ते मात्र परत परत आला. ‘ई सोलिती इन्योती’चा दुसरा भाग १९५९ मध्येच निघाला. टोळी आता मिलानला जाऊन फुटबॉल लॉटरीचे पैसे लुटायला बघते. पहिल्या भागातल्या टोळीत असलेल्या मार्चेल्लो मास्त्रोयान्नीच्या जागी नीनो मान्फ्रेदी आला, मुर्जा आणि कार्डिनाले कायम. दिग्दर्शक होता नान्नी लोय, आणि तो कुठला? सार्डिनियातल्या काल्यारीचा. म्हणजे सेटवर दिग्दर्शकही सार्डिनियाचा, नटही सार्डिनियाचा, आणि दोघं मिळून घडवत होते सिसिलियन. १९८५ मध्ये टोळीच्या म्हातारपणावर तिसरा चित्रपट झाला, त्यातही मुर्जा होता.

२० ऑगस्ट २०१० रोजी रोमच्या वायव्येला असलेल्या तोल्फा गावी तो वारला, ८१ वर्षांचा होऊन. दोन वर्षांनी सेर्जिओ नाइत्झाने त्याच्या आयुष्यावर माहितीपट केला. नाइत्झाही सार्डिनियाचाच, बेटाने आपला माणूस उशिरा का होईना, परत मागून घेतला.

हे चित्रपट बघायचे असतील तर एक सूचना. सबटायटल्समध्ये सगळी पात्रं एकाच साफसूफ भाषेत बोलतात; रोमन, नेपोळी, बोलोन्याचा, सगळे सारखे. तेव्हा शब्द वाचताना कान उघडे ठेवा. भाषा येत नसली तरी हेल बदललेला कळतो. कापान्नेल्ले बोलायला लागला की त्याच्या ओठांकडे बघा, काही ठिकाणी शब्द आणि ओठ यांची चुकामूक पकडता येते. आणि फेरीबोत्तेच्या प्रवेशाला एकदा आवाज पूर्ण बंद करून बघा. तेवढ्या वेळात दिसतो तो निखळ ओरिस्तानोचा तिबेरिओ मुर्जा.